वादी अदाईतलं बारावं प्रकरण

ओमानला जाऊन आले म्हटलं की लोक आधी खजुराची चौकशी करतात, मग सोन्याच्या भावाची. मी तिथे साडेतीनशे वर्षांपूर्वीचं एक इंग्रजी भक्तिपर पुस्तक वाचायला गेले होते असं सांगितलं, की समोरचा माणूस जरा वेळ माझ्याकडे बघतो आणि हवापाण्याचं विचारतो. म्हणून एकदा सगळं लिहूनच काढते.

मिरजेच्या कॉलेजात मी इंग्रजी शिकवायचे तेव्हा रूथ माझी विद्यार्थिनी होती. आता ती मस्कतच्या एका भारतीय शाळेत शिकवते. नवरा दूर वाळवंटात तेलाच्या साइटवर असतो, अधूनमधून घरी येतो. तिचे वडील दानिएल गुरुजी हे नगर जिल्ह्यातले निवृत्त मुख्याध्यापक. ऐंशी ओलांडलेली. पत्नी गेल्यापासून लेकीकडे असतात. इंग्लंडातल्या कुणा खेडेगावच्या प्रोटेस्टंट पाळकानं सतराव्या शतकात लिहिलेलं एक पुस्तक ते कित्येक वर्षं सवडीनं मराठीत आणत होते. नगरचा एक छोटा प्रकाशक ते छापायला तयार झाला आणि नेमकी तेव्हाच गुरुजींची नजर जवळजवळ गेली.

रूथचा फोन आला. "बाई, पपांना मूळ पुस्तक वाचून दाखवणारं कुणीतरी हवंय. ते जुनं इंग्रजी मला झेपत नाही. याल का?"

मी हिंदू, त्यात देवधर्म बेताचाच. पण त्या शतकातली नाटकं आणि कविता मी जन्मभर शिकवल्या होत्या. नाटक बघून घरी गेल्यावर, किंवा नाटकाला पाप समजून घरीच बसल्यावर, तिथली साधी माणसं दिव्यापाशी काय वाचत होती हे मात्र कधी पाहिलं नव्हतं. तिकीट काढलं ते त्या कुतूहलापोटी.

वादी अदाई

मस्कतच्या रुवी आणि अमरात या भागांच्या मधल्या खिंडीत रूथची ही वस्ती आहे. तिन्ही बाजूंना डोंगर, आणि डोंगर म्हणजे नुसता खडक. आमच्याकडे उन्हाळ्यात डोंगर उघडा पडतो तेव्हाही कुठे करवंदाची जाळी, कुठे वाळलं गवत असतं. इथे काही नाही. भाजलेल्या विटेच्या रंगाचे कडे, त्यांच्या पायाशी पांढऱ्या चौकोनी इमारती आणि मधून वाहणारा रस्ता. वादी म्हणजे नदीचं कोरडं पात्र. कोरडं म्हणून त्याला हसायचं नाही, असं रूथनं पहिल्याच दिवशी सांगितलं. डोंगरावर पाऊस पडला की ते गाड्या उचलून नेतं.

गुरुजी खिडकीपाशी बसले होते. पांढरा सदरा, दाढी गुळगुळीत, हात मांडीवर. माझा आवाज ऐकून उठून उभे राहिले. "या बाई. रूथ तुमच्याविषयी सांगते. तुम्ही फार रागवायचा म्हणे वर्गात."

"ती गृहपाठ करायची नाही."

"घरीही तेच," असं म्हणून ते हसले आणि आमची ओळख झाली.

दुसऱ्या सकाळी काम सुरू झालं. मूळ पुस्तकाची छायाप्रत होती, जुन्या छपाईची. त्या काळच्या छपाईत शब्दाच्या सुरुवातीचा 'एस' जवळजवळ 'एफ'सारखा दिसतो. त्यामुळे 'सिन' म्हणजे पाप हे मला 'फिन' म्हणजे माशाचा पर असं दिसे, आणि 'सोल' म्हणजे आत्मा तो 'फाउल' म्हणजे घाण. पहिल्या पानावर मी असा घाणेरडा आत्मा तीनदा वाचला. गुरुजींनी मान डोलावली. "लेखकाला ते आवडलं असतं," ते म्हणाले.

आणि हळूहळू मला तो लेखक आवडायला लागला. तो उपदेशक आहे, पण घरातला. विहिरीत बादली सोडताना दोर हातातून सुटला, तर त्यावर त्याचं एक पान. पाव भट्टीत जरा जास्त राहून करपला, त्यावर दुसरं. लहान मूल चालायला शिकताना आईकडे न बघता मांजराकडे बघतं आणि पडतं, त्यावर तिसरं. त्या काळी प्रोटेस्टंट माणसाला ना मूर्ती होती, ना जप, ना पापाची कबुली ऐकणारा धर्मगुरू. मग दिवसभरात जे समोर येईल त्याच्यावरच तो चिंतन करायचा, आणि प्रत्येक वेळी शेवटी स्वतःची झाडाझडती घ्यायचा. आपण निवडलेल्यांपैकी आहोत की नाही? देवानं जग निर्माण करण्याआधीच कुणाला तारायचं ते ठरवलंय अशी त्यांची श्रद्धा. माणसानं काही करून ते बदलत नाही. त्याला फक्त स्वतःच्या मनात खुणा शोधता येतात.

आमच्या पोथ्यांना शेवटी फलश्रुती असते. अमुक वाचेल त्याला पुत्र होईल, तमुक ऐकेल त्याचं संकट टळेल. मी गुरुजींना विचारलं, "याला फलश्रुती कुठे आहे?"

"नाही. वाचून काय मिळेल याची तो हमी देत नाही. कृपा मिळाली तर मिळाली."

"मग लोक का वाचायचे?"

"झोप लागत नसेल," गुरुजी म्हणाले. ते थट्टा करत होते की नाही हे मला कळलं नाही.

शब्दांवर आम्ही तासन्‌तास घालवले. 'तारण' म्हणजे माझ्या लेखी बँकेत कर्जासाठी ठेवतात ते. गुरुजींच्या मराठीत तारण म्हणजे उद्धार. 'पाचारण' हा शब्द मी वर्तमानपत्राबाहेर फारसा पाहिला नव्हता. ख्रिस्ती मराठीत देव माणसाला त्याच्या कामासाठी पाचारण करतो, मग ते काम राजाचं असो की भांडी घासायचं. एकाच भाषेत जन्म काढून तिच्या या खोल्या मी कधी उघडल्याच नव्हत्या.

रूथ शाळेतून आली की आदल्या दिवशीचं तपासलेलं टाइप करायची. जेवायला कधी सुरमईचं कालवण, कधी कोपऱ्यावरच्या दुकानातली खबूस, म्हणजे मोठ्या चपातीसारखी अरबी रोटी, आणि तिच्याबरोबर नगरी पद्धतीचं झणझणीत मटण. ही जोडी इतकी जमते की खबूस नगरलाच जन्माला आली असावी.

असं छान चाललं असताना मला दिसलं की गुरुजींच्या अनुवादात अकराव्या प्रकरणानंतर एकदम तेरावं येतं.

"गुरुजी, बारावं?"

"ते राहिलं."

"मग आता घेऊ या."

"आज तेरावं तपासू," ते म्हणाले, आणि त्यांनी खिडकीकडे तोंड वळवलं.

रूथ स्वयंपाकघरात कोळंबी साफ करत होती. मी तिला विचारलं. ती हात न थांबवता म्हणाली, "बारावं काढून टाकायचं ठरलंय."

"कुणी ठरवलं?"

"मी. माझी आजी, म्हणजे पपांची आई, तिचा बाप्तिस्मा झाला नव्हता. आजोबांनी घेतला, मुलांना दिला, तिनं नाही घेतला. चुलीशेजारी कोनाड्यात तिचे देव होते, शेवटपर्यंत. नाताळच्या करंज्या मात्र तीच करायची. मम्मी नोकरी करायची, मला आजीनंच वाढवलं. आणि तुमच्या त्या पुस्तकात अशा माणसांचं काय होतं ते सविस्तर लिहिलंय, पपांनीच सांगितलं होतं. माझ्या हातानं मी ते टाइप करणार नाही."

पुस्तक एकाएकी माझं झालं होतं. मी ते प्रकरण त्या दुपारी एकटीनं वाचलं. शीर्षकाचा अर्थ साधारण असा: 'जे कळपाबाहेर मेले त्यांच्याविषयी, आणि त्यांच्यासाठी रडावे काय'. विहीर आणि पाव यांवर लिहिणारा तोच माणूस इथे दगडासारखा झाला आहे. दया, माया, कष्ट, काही उपयोगी पडत नाही. आणि शेवटाकडे एक वाक्य येतं, की तारलेल्या मुलाला स्वर्गातल्या आनंदात नाश पावलेल्या आईची उणीव भासणार नाही. तिचा विचार येऊनही त्याच्या डोळ्यांत पाणी येणार नाही.

मी पुस्तक मिटलं. तरीही ते गाळावं असं मला वाटेना. संध्याकाळी रूथला म्हटलं, "अनुवाद करायचा तर सगळा. नाहीतर वाचकाला आपण एक खोटा, गोड माणूस देतो."

"तुम्हाला काय फरक पडतो बाई? तुमचं कुणी नाही त्यात."

"माझं सगळं गणगोत आहे त्यात. मी धरून."

तिनं कम्प्युटर बंद केला. त्या दिवशीचं टाइपिंग झालं नाही.

रुवी

शुक्रवारी सुट्टी. इथल्या ख्रिस्ती लोकांचा रविवार शुक्रवारी येतो. रुवीत एका आवारात सगळी चर्चं शेजारी शेजारी आहेत आणि एकेका सभागृहात तासातासानं भाषा बदलतात. आम्ही पोचलो तेव्हा आधीचे लोक बाहेर पडत होते, केसांत मोगरा माळलेल्या तमिळ बायका, इस्त्रीचे शर्ट, हातात पुस्तकं. मग मराठी मंडळी आत. नगर, सोलापूर, पुणे, मुंबई. भिंतीपलीकडे मल्याळी गीत चाललं होतं, त्यामुळे आमची मंडळी जरा वरच्या पट्टीत गात होती.

उपासनेनंतर चहा आणि चिवडा. एका गृहस्थांनी गुरुजींना विचारलं, "पुस्तक झालं का पुरं?"

गुरुजी म्हणाले, "एक प्रकरण राहिलंय."

रूथ तिथेच कप घेऊन उभी होती. 'झालं' असं ते सहज म्हणू शकले असते. तिनं वडिलांकडे पाहिलं आणि चहा न पिताच कप ठेवून दिला.

बरका

पुढचे दोन दिवस घरात शांतता होती, फार चांगली नव्हे. म्हणून शेजारच्या प्रकाशनं "मावशी, माझ्याबरोबर बरक्याक चला, मासळीबाजार दाखवतंय" म्हटल्यावर मी लगेच चपला घातल्या.

प्रकाश मालवणकडचा. एसी दुरुस्तीचं काम करतो, बायकामुलं गावी. खालच्या मजल्यावर आणखी दोघांबरोबर राहतो. गुरुजींना दवाखान्यात नेणं-आणणं तोच करतो, आणि बदल्यात रूथच्या हातचं मटण खातो. मस्कतबाहेर बरक्याला त्याच्या मालकाचं वर्कशॉप आहे.

समुद्राकाठचा तो मासळीबाजार थंडगार आणि स्वच्छ. टोपीवाले म्हातारे ओमानी लिलाव करत होते, इतक्या हळू आवाजात की बोली कधी लागली आणि कधी संपली ते मला कळलंच नाही. आपल्याकडे मासळीबाजारात शांतता म्हणजे कुणीतरी गेलं असं समजायचं. सुरमईला इथे कनाद म्हणतात. एवढा मोठा कनाद बघायला मी मागे सरकले आणि पाय थेट बर्फाच्या पाण्याच्या गटारात गेला. चप्पल वाहून निघाली. एका मासळीवाल्यानं ती लांब आकड्यानं अडवली, नळाखाली धुतली आणि माझ्यापुढे ठेवली. मी 'शुक्रन' म्हटलं. त्यानं हिंदीत विचारलं, "मछली नहीं चाहिए?"

परतताना मी प्रकाशला पुस्तकाबद्दल सांगितलं. काम हेच देवाचं बोलावणं, असं त्यात आहे, हे ऐकून तो म्हणाला, "माका तर अर्बाबाचा बोलावणा येता." अर्बाब म्हणजे मालक. "बुधवारी इब्र्याक जावचा हा. अर्बाबाच्या घरचो एसी बिघडलो. तुमी आणि गुरुजी येतास? म्हातारो बरो आसा. मुंबैत रवलेलो."

इब्रा

मस्कत सोडून आत गेलं की डोंगर मागे सरतात आणि आभाळ मोठं होतं. इब्र्याला पोचेपर्यंत खजुराच्या बागा दिसायला लागल्या. पाणी फलजमधून येतं, म्हणजे डोंगराच्या पोटातून काढलेल्या पाटातून. त्या रणरणत्या रुक्षतेत एकदम वाफ्यातून खळाळणारं पाणी दिसलं की हात घातल्याशिवाय राहवत नाही. मी घातला. कोमट होतं.

बुधवारी सकाळी तिथे बायकांचा बाजार भरतो. विकणाऱ्या बायका, घेणाऱ्या बायका, पुरुषांनी आत यायचं नाही. गुरुजी आणि प्रकाश गाडीत बसले आणि मी आत गेले. कापड, काजळ, ऊद, कशिद्याच्या पट्ट्या. एका आजीबाईंनी माझ्या कपाळावरच्या टिकलीला बोट लावून काहीतरी विचारलं. मी काजळाच्या डबीकडे बोट केलं, त्यांनी टिकलीकडे. शेवटी पर्समधलं टिकल्यांचं पाकीट मी त्यांना दिलं आणि त्यांनी मला काजळ. त्यांनी एक टिकली लगेच लावली, पण हनुवटीवर.

प्रकाशच्या मालकांचं नाव सालिम. सत्तरीचे, सडपातळ, पांढरा पायघोळ अंगरखा, डोक्यावर भरतकामाची टोपी. त्यांचे वडील खजुराच्या व्यापारासाठी मुंबईला असत आणि हे लहानपणी काही वर्षं तिथे राहिलेले. त्यांची हिंदी मुंबईचीच होती. प्रकाशनं "अर्बाब" म्हणून हाक मारली तेव्हा ते माझ्याकडे वळून म्हणाले, "कितने साल से बोलता हूँ, सालिम भाई बोलो. अर्बाब तो रब से निकला है. रब एक ही है." प्रकाश मान हलवून एसी उघडायला निघून गेला.

बैठकीत गालिच्यावर बसलो. खजूर आणि कावा, म्हणजे वेलदोड्याची फिकी, कडवट कॉफी, चिमुकल्या कपातून. कप रिकामा झाला की ते भरत आणि मी सभ्यपणे पीत राहिले. माझं काळीज धडधडायला लागलं तेव्हा गुरुजी हळूच म्हणाले, "बाई, कप जरा हलवून परत द्या. तोवर ते थांबणार नाहीत." दिसत नसूनही त्यांना माझे कप कळत होते.

मोठ्या परातीत भात आणि मटण आलं. जेवताना सालिमभाईंनी गुरुजींना विचारलं, कसलं पुस्तक करताय? गुरुजींनी सांगितलं. आणि मग, घरात ज्याचा विषय काढू देत नव्हते, ते बारावं प्रकरण त्या परक्या माणसाला त्यांनी दोन वाक्यांत सांगून टाकलं.

सालिमभाईंना धक्का वगैरे बसला नाही. "हम इबादी लोग हैं," ते म्हणाले. इबादी हा ओमानातल्या मुसलमानांचा मोठा पंथ. "हम भी सख़्त हैं. जो जहन्नम में गया, उसकी वापसी नहीं."

"मग तुम्ही तुमच्या माणसांचं काय करता?" गुरुजींनी हिंदीत विचारलं. "जे गेले, आणि ज्यांचं खात्रीनं सांगता येत नाही, त्यांचं?"

सालिमभाईंनी हात पुसले. त्यांचे एक चुलते काझी होते, त्यांच्याकडून ऐकलेलं त्यांनी सांगितलं. ज्याचं चांगलं पक्कं ठाऊक आहे त्याच्याशी जवळीक ठेवायची. ज्याचं वाईट पक्कं ठाऊक आहे त्याच्यापासून दूर राहायचं. आणि ज्याचं ठाऊक नाही तिथे वुकूफ. "वुकूफ मतलब रुकना. न इधर, न उधर. यह भी फ़र्ज़ है. कमज़ोरी नहीं."

गुरुजींनी तो शब्द दोनदा स्वतःशी म्हणून पाहिला. मग मराठीत मला म्हणाले, "बाई, आपला वकूब तो हाच शब्द. अरबीतून आला. इथे त्याचा अर्थ थांबणं, आणि आपल्याकडे कुवत."

माझ्या सख्ख्या धर्माबद्दलही इतक्या शांतपणे बोलणं मी कुणाचं ऐकलेलं नव्हतं. दोन म्हातारी माणसं, दोघांच्याही धर्मात नरकाचं दार एकदा लागलं की उघडत नाही, आणि परातीतला मटणाचा चांगला तुकडा दोघंही एकमेकांकडे सरकवत होती.

परतीचा रस्ता

उन्हं कलताना आम्ही निघालो. प्रकाश गाडी चालवत होता, गुरुजी पुढे, मी मागे. थोडं अंतर गेल्यावर गुरुजी म्हणाले, "बाई, छायाप्रत आणलीय ना? बारावं काढा."

मी एकेक वाक्य इंग्रजीत वाचत गेले आणि ते मराठी सांगत गेले. मला वाटलं होतं ते अडखळतील. पण मराठी त्यांच्या तोंडात तयारच होती, एकही शब्द त्यांनी बदलला नाही. हे प्रकरण त्यांनी मनातल्या मनात कितीदा केलं असेल कोण जाणे. मी लिहीत होते. गाडीतल्या गाडीत माझं अक्षर डोंगरदऱ्यांसारखं होत होतं.

रस्त्याकडेला चहाचं दुकान आलं तिथे थांबलो. प्रकाशनं गाडीतच कागदी कपांतून दाट, गोड चहा आणून दिला. शेवटचा परिच्छेद राहिला होता. मी वाचला. गुरुजी म्हणाले, "लिहा. 'त्या आनंदात मुलाला आईची उणीव भासणार नाही. तिचे स्मरण झाले तरी त्याच्या डोळ्यांस पाणी येणार नाही.'"

मी लिहिलं. प्रकाश चहा प्यायचा थांबला होता.

"गुरुजी, माका एक इचारूचा हा."

"विचार की."

"आवशीची याद येवची नाय, तेका सर्ग कसो म्हणूचो? मी हंय रोज सांजेक आवशीक फोन करतंय. नाय केलंय तर जेवाण जायत नाय. आणि आमी तर देवळातली माणसा. म्हणजे ह्या पुस्तकाच्या हिशेबान ती थंय, आणि मी पण थंय. मगे तुमी काय म्हणतास? खरा हा ता?"

मी हातातले कागद मांडीवर ठेवले. हा प्रश्न मला विचारायचा होता आणि इतक्या दिवसांत मी तो विचारला नव्हता. मी फक्त अनुवाद पुरा करण्याचा हट्ट धरला होता.

गुरुजी म्हणाले, "लिहिणारा खोटारडा नव्हता, प्रकाश. त्याला जे खरं वाटलं ते त्यानं लिहिलं, आणि लिहिताना त्याची स्वतःची आई त्याला आठवली नसेल असं मला वाटत नाही. मी त्याच देवाला मानतो. पण तुझ्या आईविषयी मी काय सांगू? माझ्या आईविषयी मला सांगता आलं नाही."

मग त्यांनी ते सांगितलं. ते शिक्षकी शिकायला पहिल्यांदा गाव सोडून निघाले तेव्हा आईनं लाडू बांधून दिले, आणि डबा बांधता बांधता विचारलं, "दान्या, तुझ्या देवाच्या घरी मला जागा व्हईल का रं?" ते तेव्हा तरुण होते, रोज बायबल वाचणारे, उत्तरं पाठ असणारे. ते म्हणाले, "आई, मला ठाऊक नाही." ती म्हणाली, "बरं झालं खरं बोललास. व्हय म्हणाला असतास तर मला वाटलं असतं, लाडवांसाठी म्हणतोय."

प्रकाश हसला. गुरुजीही हसले, आणि हसता हसता त्यांच्या डोळ्यांतून पाणी यायला लागलं. त्यांनी ते पुसलं नाही. प्रकाशनं त्यांच्या हातातला कप काढून घेतला, कारण तो कलंडत होता.

"चला," गुरुजी म्हणाले. "रूथ वाट बघत असेल."

पुन्हा वादी अदाई

रूथला मी काही सांगितलं नाही. गुरुजींनीच सांगितलं, दारातच, बूट काढता काढता. "बारावं झालं, रूथ."

ती आत गेली. दुसऱ्या दिवशी शाळेतून आल्यावर तिनं माझ्याकडून कागद मागून घेतले आणि जेवणाच्या टेबलाशी बसून सगळं वाचलं. मी समोर भाजी निवडत बसले होते, उगाचच, कारण भाजी निवडून कधीच झाली होती. वाचून झाल्यावर तिनं विचारलं, "पपांनी हे असंच सांगितलं? काही मऊ केलं नाही?"

"नाही. पण गाडीत आजीचंही सांगितलं." आणि लाडवांची गोष्ट मी तिला सांगितली.

ती उठून वडिलांच्या खोलीत गेली. "पपा, हे मला कधी सांगितलं नाहीत तुम्ही."

"तू या प्रकरणाचं नाव काढलं की आजीच्या बाजूनं भांडायला उठायचीस," गुरुजी म्हणाले. "मला वाटायचं, तिच्या बाजूनं भांडायचं काम मी करायला हवं. मग बोलणंच व्हायचं नाही."

आतून खुर्ची सरकल्याचा आवाज आला. मग दोघं बाहेर आली. रूथनं कम्प्युटर उघडला आणि टाइप करायला लागली. मध्येच थांबून विचारायची, "पपा, 'नाश पावलेले' की 'हरवलेले'?" गुरुजी म्हणायचे, "नाश पावलेले. त्यानं तसंच म्हटलंय." ती टाइप करायची. कळा जरा जोरात आपटत होत्या एवढंच.

माझ्या निघण्याच्या आदल्या संध्याकाळी सगळं पुस्तक पुरं झालं. रूथ म्हणाली, "अर्पणपत्रिका राहिली. प्रकाशक विचारत होता."

"तुझ्या मम्मीला करू," गुरुजी म्हणाले.

"मम्मी रागावणार नाही. हे आजीला करा."

"तिला वाचता येत नव्हतं, रूथ."

"मला ठाऊक आहे."

गुरुजींनी मान हलवली. रूथनं नवं पान घेतलं आणि लिहिता लिहिता थांबली. "बाई, नावाआधी काय लावायचं?"

तेव्हा कुठे आम्हां तिघांच्या लक्षात आलं. मराठीत गेलेल्या माणसाच्या नावाआधी तो कुठे गेला ते लिहावं लागतं. कैलासवासी लिहावं तर ती गुरुजींच्या देवाकडे नाही. ख्रिस्तवासी लिहावं तर तिचा बाप्तिस्मा नाही. स्वर्गवासी लिहावं, किंवा दिवंगत, म्हणजे तेही स्वर्गात गेलेलंच, तर आतलं बारावं प्रकरण नाही म्हणतं. सोयीचा असा एकही शब्द मला आठवेना, आणि मी भाषेची बाई.

गुरुजी खुर्चीत पुढे झुकले. "काही लावू नकोस," ते म्हणाले. "नुसतं नाव लिही."

रूथनं पानाच्या मधोमध लिहिलं: 'सोनाबाईस'. मग मोठ्यानं वाचून दाखवलं, आणि गुरुजींनी तिला ते पुन्हा एकदा वाचायला सांगितलं.